रेडिएटरचं पाणी जातं कुठे?

एप्रिल-मेमध्ये सटाणा-मालेगाव पट्ट्यात पारा चाळिशी ओलांडून तिथेच मुक्काम ठोकतो. त्याच दिवसांत उन्हाळ कांद्याचे ट्रॅक्टर बाजार समितीकडे निघालेले असतात, लग्नसराई असते, चैत्रोत्सवामुळे सप्तशृंगी गडाचा घाट भरलेला असतो आणि सटाण्यातून जाणाऱ्या विंचूर–प्रकाशा रस्त्यावर गाड्या पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये रांगत असतात. गाडीत पाच माणसं, एसी चालू, पुढून वारा नाही. आठशे-हजार सीसीच्या इंजिनाने किती सोसायचं? बॉनेटखालून वाफ निघते, गाडी कडेला लागते आणि कुणीतरी जवळच्या गॅरेजवरून बाटलीभर बोअरचं पाणी आणून रेडिएटरमध्ये ओततं. त्याचे पैसे बहुधा कुणी घेत नाही. वर्ष-दोन वर्षांनी इंजिनाच्या हेडच्या कामाचं बिल येतं, त्यात ते पाणी लागलेलं असतं.

छोट्या गाडीचं कूलंट स्वतः तपासायला काहीच खर्च येत नाही. थोडं कमी झालेलं भरायला शे-दीडशे रुपये पुरतात. सगळं बदलायचं तर हजार-पंधराशे. हे न केल्याने होणारं नुकसान मात्र पाच आकड्यांत जाऊ शकतं. खाली दिलेले दर आल्टो, वॅगनआर, सेलेरिओ, स्विफ्ट, आय-टेन, टियागो, क्विड अशा पेट्रोल गाड्यांसाठी आणि साध्या गॅरेजचे, तेही ढोबळ आहेत. दुकान, कंपनी आणि गाडीचं वय यांनुसार ते वरखाली होतील. कंपनीच्या वर्कशॉपमध्ये मजुरी दीडपट ते दुप्पट धरा आणि तुमच्या गाडीचं वर्कशॉप मालेगाव किंवा नाशिकला असेल तर जाण्यायेण्याचं पेट्रोलही त्यात मिळवा. नाशिक सटाण्याहून साधारण ९० किलोमीटर आहे. अर्ध्या लिटर कूलंटसाठी तेवढं जाण्यात काही राम नाही.

थंडी नाही, मग कूलंट कशाला?

हा प्रश्न आमच्या बागलाण तालुक्यात नेहमी ऐकू येतो आणि तो अगदीच चुकीचा नाही. कूलंट म्हणजे पाणी, इथिलीन ग्लायकॉल आणि गंज रोखणारी रसायनं यांचं मिश्रण. थंड देशांत त्याची ओळख न गोठणारा द्रव म्हणून आहे, आणि निम्मं पाणी-निम्मं ग्लायकॉल हे मिश्रण उणे ३५ अंशांच्याही खाली जाईपर्यंत गोठत नाही. आपल्याकडे निफाडचा पारा फार तर दोन-तीन अंशांवर उतरतो, त्यात रेडिएटर गोठणार नाही. तेव्हा त्या गुणाचा आपल्याला उपयोग शून्य.

आपल्याला उपयोग आहे तो दुसऱ्या टोकाला. चालत्या इंजिनातला द्रव नेहमीच ९० अंशांच्या आसपास असतो. उघड्या भांड्यातलं पाणी समुद्रसपाटीला १०० अंशांना उकळतं, गडावर, म्हणजे बाराशे मीटरच्या वर, ९६ अंशांच्या आसपासच. म्हणून रेडिएटरचं टोपण नुसतं झाकण नसतं; ते दाब धरून ठेवतं. त्याच्यावर ०.९ किंवा १.१ असा आकडा कोरलेला दिसेल, तो हा दाब. त्या दाबाखाली साधं पाणी १२० अंशांच्या आसपास उकळतं आणि योग्य प्रमाणातलं कूलंट १३०च्या जवळ. फरक जेमतेम आठ-दहा अंशांचा, पण भर दुपारी घाटात एसी लावून चढताना गाडी तेवढ्यावरच तगते. टोपणाचं रबर कडक होऊन दाब धरेनासं झालं तर आत चांगलं कूलंट असूनही ते लवकर उकळणार. नवं टोपण दीडशे ते चारशे रुपयांना मिळतं. गाडी सात-आठ वर्षांची झाली की ते न विचारता बदलून टाकावं, असं माझं मत आहे.

दुसरं कारण गंजाचं आणि क्षाराचं. आजच्या छोट्या गाड्यांचं हेड अॅल्युमिनियमचं, रेडिएटरची जाळी अॅल्युमिनियमची, पंपाचे भाग आणखी वेगळ्या धातूचे. साध्या पाण्यात हे सगळं एकमेकांना खातं. बोअरच्या पाण्यात त्यात कॅल्शियम-मॅग्नेशियमचे क्षार मिसळलेले असतात. पाणी तापवायच्या हीटरवर जो पांढरा थर बसतो तोच थर इंजिनाच्या आतल्या वाटांवर आणि रेडिएटरच्या बारीक नळ्यांत बसतो. थर बसला की उष्णता बाहेर पडत नाही. मग गाडी गरम होते, मग आणखी बोअरचं पाणी पडतं. हे चक्र तीन-चार उन्हाळे चाललं की टोपण उघडल्यावर आत गेरूसारखं तांबडं पाणी दिसतं. असा रेडिएटर धुऊन काढणं बऱ्याचदा शक्य होत नाही, तो बदलावाच लागतो.

सकाळी, गार इंजिन, सपाट जागा

तपासणी सकाळी गाडी सुरू करण्याआधी करा. बॉनेट उघडल्यावर एका बाजूला पांढरट, अर्धपारदर्शक प्लॅस्टिकची टाकी दिसेल. तिच्यावर 'लो' आणि 'फुल' किंवा 'मिन' आणि 'मॅक्स' अशा दोन रेषा असतात. द्रव या दोन्हींच्या मधे हवा. जुन्या टाक्या पिवळ्या पडून आतली पातळी दिसेनाशी होते. मोबाईलचा टॉर्च मागून लावला की दिसते. गाडीची काच धुवायच्या पाण्याची टाकीही शेजारीच असते, तिच्या टोपणावर कारंज्याचं चित्र असतं. दोन्हींची गल्लत होते, नव्या ड्रायव्हरची हमखास.

एवढं पाहून बॉनेट बंद करणारे बहुतेक जण निम्मंच काम करतात. मारुतीच्या बऱ्याच गाड्यांत ही टाकी म्हणजे नुसती जादा पाण्याची बाटली असते. इंजिन तापलं की जादा द्रव तिच्यात येतो आणि गार झालं की रेडिएटर तो परत ओढून घेतो. ओढून घेण्याचं काम टोपणातल्या छोट्या झडपेवर अवलंबून असतं. ती झडप बिघडली, किंवा मधल्या बारीक नळीला चीर गेली, तर बाटली 'फुल'ला आणि रेडिएटर रिकामा अशी अवस्था होते. म्हणून महिन्यातून एकदा इंजिन पूर्ण गार असताना रेडिएटरचं टोपणही उघडा. द्रव अगदी गळ्यापर्यंत दिसला पाहिजे. काही कंपन्यांच्या गाड्यांत रेडिएटरला वेगळं टोपण नसतंच, टाकीच दाबाखाली असते. तिथे टाकीची पातळी हीच खरी पातळी.

गरम इंजिनाचं टोपण उघडू नका. हे सगळ्यांना माहीत असतं आणि तरी दर उन्हाळ्यात कुणाचा तरी हात, कुणाचं तोंड भाजतं. टोपण सैल होताच दाब जातो आणि शंभर अंशांच्या वरचा द्रव एका क्षणात वाफ होऊन उडतो. वरची रबरी नळी हाताला कोमट लागली तरी थांबा.

पाहताना रंगही बघा. स्वच्छ हिरवा, निळा, गुलाबी, जो असेल तो असू दे, पण तो पारदर्शक हवा. तांबूस म्हणजे गंज. वर तेलाचा तवंग किंवा दुधाळ चहासारखा रंग म्हणजे तेल आणि पाणी एकत्र आलंय. मग इंजिन ऑइलच्या टोपणाच्या आत पांढरट मलईसारखं काही चिकटलंय का तेही पाहा. तसं असेल तर गाडी चालवत नेऊ नका.

बाटली विकत घेताना

दुकानात तयार मिश्रण आणि घट्ट कूलंट अशा दोन जाती मिळतात. तयार मिश्रण तसंच ओतायचं, लिटरला साधारण दोनशे ते साडेतीनशे रुपये. घट्ट कूलंटमध्ये पाणी मिसळावं लागतं, लिटरला साडेतीनशे ते साडेपाचशे. काही डब्यांवर १:१ प्रमाण लिहिलेलं असतं, काहींवर १:३. डब्यावर असेल तेच पाळा. हिशोब करून पाहा. साडेचारशेचं एक लिटर घट्ट कूलंट आणि पंचवीस रुपयांचं एक लिटर डिस्टिल्ड वॉटर मिळून दोन लिटर होतं, म्हणजे लिटरला सुमारे दोनशे चाळीस. पावणेतीनशेच्या तयार मिश्रणाच्या तुलनेत लिटरमागे पस्तीस रुपये वाचले. पूर्ण बदलाला चार लिटर लागलं तर दीडशे रुपयांच्या आसपास बचत. थोडं भरायचं असेल तर या भानगडीत पडू नका, तयार बाटली घ्या. घट्ट कूलंट तसंच ओतलं की जास्त चांगलं, असाही एक समज आहे. उलट आहे. निव्वळ ग्लायकॉल पाण्याइतकी उष्णता वाहून नेत नाही.

डिस्टिल्ड वॉटर शोधायला लांब जावं लागत नाही. घरोघरी इन्व्हर्टर आल्यापासून बॅटरीच्या कुठल्याही दुकानात त्याचे पाच लिटरचे कॅन असतात, शंभर रुपयांच्या आगेमागे. आरओचं पाणी? अडल्या वेळी बोअरपेक्षा कितीतरी बरं, पण नेहमीसाठी नाही. त्यातही थोडे क्षार उरतातच.

रंगावर जाऊ नका. हिरवा, निळा, गुलाबी हे कंपन्यांनी घातलेले रंग आहेत, त्यांचं कुठलंही सर्वमान्य प्रमाण नाही. एका कंपनीचं गुलाबी आणि दुसरीचं गुलाबी आतून वेगळं असू शकतं. दोन वेगळ्या रसायनांची मिश्रणं एकत्र केली तर गंजरोधक गुण लवकर संपतो, कधीकधी चिकट गाळ तयार होतो. गाडीच्या पुस्तिकेत कूलंटचा प्रकार दिलेला असतो, तो दुकानदाराला दाखवा. पुस्तिका हरवली असेल तर कंपनीच्या नावाचं मूळ कूलंट घेणं सोपं. शे-पन्नास रुपये जास्त गेले तरी चालतील. बाटलीवर आयएस ५७५९ किंवा जेआयएस के २२३४ असं मानक छापलेलं आहे का ते पाहा. सील, बॅच, तारीख, छापील किंमत यांपैकी काही नसेल तर बाटली परत ठेवा. शंभर-सव्वाशेला लिटरभर 'कूलंट' देणाऱ्या काही बाटल्यांत रंगीत पाण्यापलीकडे फारसं काही नसतं. घरी ते ओळखायचं तर तरंगत्या गोळ्यांचं किंवा काट्याचं छोटं टेस्टर दोनशे ते पाचशे रुपयांत मिळतं. चार जणांनी मिळून एक घेतलं तरी पुष्कळ.

भरताना टाकीत 'फुल'च्या रेषेपर्यंतच भरा, वर नाही. तापल्यावर द्रव फुगतो, जादा झालेलं ओसंडून जातं आणि मग लोक गळती शोधत बसतात. उरलेली बाटली घट्ट बंद करून लहान मुलांच्या आणि कुत्र्या-मांजरांच्या हाती-तोंडी लागणार नाही अशी ठेवा. इथिलीन ग्लायकॉल चवीला गोडसर आणि विषारी असतं. थंड पेयाच्या रिकाम्या बाटलीत तर कधीच भरू नका. शेतात कीटकनाशकाच्या बाबतीत आपण जी काळजी घेतो तीच इथेही.

पूर्ण बदल कधी आणि कितीला

छोट्या गाडीच्या यंत्रणेत तीन ते पाच लिटर कूलंट असतं. जुन्या प्रकारचं हिरवं कूलंट साधारण तीन वर्षांनी किंवा चाळीस हजार किलोमीटरला बदलतात. नव्या गाड्यांत येणारी दीर्घायुषी कूलंट पहिल्यांदा बरीच जास्त टिकतात, काहींना पुस्तिका दीड लाख किलोमीटरच्या आसपास मुदत देते. पण ही मुदत आत मूळ कूलंटच असेल तर. मधे कुणी दोन वेळा बोअरचं पाणी ओतलं असेल तर पुस्तिकेतला आकडा विसरा आणि या उन्हाळ्याआधी बदलून घ्या. जुनी गाडी विकत घेतली असेल तरी हेच करा. आधीच्या मालकाने काय ओतलं होतं ते कोण सांगणार?

गॅरेजमध्ये कूलंटसह हजार ते पंधराशे रुपये लागतात. त्यातली मजुरी दोनशे ते पाचशे. मजुरीवर घासाघीस करण्यापेक्षा काम बघा. रेडिएटरच्या खालचा नळ सोडून नुसतं तेवढंच पाणी काढलं तर इंजिनाच्या पोटात आणि हीटरच्या नळ्यांत जुनं बरंच शिल्लक राहतं. आत डिस्टिल्ड वॉटर भरून, इंजिन चालवून, गार करून, पुन्हा सोडून, मग नवं भरायचं, असं काम असतं. शेवटी हवा काढावी लागते. द्रव हळूहळू ओतून, गाडीला हीटर असेल तर तो गरमवर ठेवून, रेडिएटरचा पंखा एक-दोनदा लागून बंद होईपर्यंत इंजिन चालवतात आणि पातळी खाली बसेल तसं भरत राहतात. आत हवेचा बुडबुडा अडकला तर नवं कूलंट असूनही गाडी तापते. या सगळ्याला तास तरी लागतो. दहा मिनिटांत 'झालं साहेब' म्हणणाऱ्याने काय केलं ते तुम्ही ओळखालच. बदलानंतर दुसऱ्या दिवशी सकाळी पातळी पुन्हा पाहा. थोडी उतरलेली असते, ती भरायची.

उतरलं तर गेलं कुठे

सगळ्यात जास्त पैसे वाचतात किंवा बुडतात ते इथे. कूलंटची यंत्रणा बंद असते. पेट्रोलसारखं ते जळून संपत नाही. वर्षभरात पातळी बोटभर खाली आली तर सोडून द्या. पण दर महिन्याला भरावं लागत असेल तर ते कुठून तरी जातंय, आणि फक्त भरत राहणं म्हणजे दुखण्यावर पांघरूण घालणं.

टाकीवर मार्करने आजची पातळी आणि तारीख लिहा. पंधरा दिवसांनी, सकाळी, त्याच जागी गाडी लावून पुन्हा पाहा. रात्री इंजिनाखाली मोठा पुठ्ठा पसरून ठेवा. सकाळी त्यावर रंगीत, किंचित चिकट डाग पडला असेल तर डागाच्या बरोबर वर शोध सुरू करा. एसी चालवल्यावर गाडीखाली पडणारं स्वच्छ, बिनरंगाचं पाणी मात्र गळती नव्हे. ते एसीच्या कॉइलवर जमलेलं हवेतलं पाणी असतं. त्याच्या भीतीने गॅरेजला जाऊन 'पाइप बदला' असं ऐकून येणारेही आहेत.

पहिली संशयित जागा रबरी नळ्यांची तोंडं. क्लिपाशेजारी पांढरी, हिरवी किंवा गुलाबी सुकलेली पापडी दिसली की तिथूनच झिरपतंय. क्लिप आवळायला पन्नास रुपये, नवी नळी दीडशे ते सहाशे. नळी हाताने दाबून बघा; फुगलेली, मऊ पडलेली किंवा दाबल्यावर करकरणारी नळी घाटात फुटण्याआधी बदला. सीएनजी किट बसवलेली गाडी असेल तर किटच्या रिड्यूसरकडे जाणाऱ्या दोन बारीक नळ्या आधी पाहा. सीएनजी दाबातून मोकळा होताना थंडगार होतो, म्हणून रिड्यूसरला गरम कूलंटने ऊब दिलेली असते. बाहेर बसवलेल्या किटमध्ये त्यासाठी मूळ नळी कापून टी-जोड घातलेले असतात आणि गळती तिथेच सुरू होते. गॅसवर गाडी धक्के खाते, पेट्रोलवर नीट चालते, असं असेल तर कूलंटची पातळी एकदा पाहून मगच गॅसवाल्याकडे जा.

मग वॉटर पंप, म्हणजे गॅरेजच्या भाषेत वॉटर बॉडी. त्याच्या खाली एक छोटं भोक असतं आणि आतलं सील गेलं की त्यातून थेंब पडतात. ते भोक एम-सीलने बुजवणारे कारागीर मी पाहिलेत. पाणी मग आत बेअरिंगमध्ये जातं. पंप एक ते दोन हजार, मजुरी पाचशे ते हजार. काही इंजिनांत तो टायमिंग बेल्टच्या मागे असतो, तिथे बेल्टही सोबत बदलून घेणं शहाणपणाचं.

रेडिएटर स्वतः गळत असेल तर दुरुस्ती की नवा, हा प्रश्न येतो. जुन्या पितळी-तांब्याच्या रेडिएटरला डाक लावून वर्षानुवर्षं चालवता येत असे. आताच्या छोट्या गाड्यांत अॅल्युमिनियमची जाळी आणि वरखाली प्लॅस्टिकच्या टाक्या असतात. प्लॅस्टिकला पडलेली चीर चिकटवून फार दिवस टिकत नाही. नवा रेडिएटर दोन ते पाच हजार, बसवायला पाचशे-सातशे. गळती बंद करणारी पावडर दोनशे रुपयांत मिळते. ट्रकवाल्यांची हळद टाकायची युक्ती त्याच जातीची. दोन्हींनी गाडी घरापर्यंत येते आणि दोन्हींनी रेडिएटरच्या बारीक नळ्याही बुजतात. टाकलीच तर लवकर पूर्ण धुऊन घ्या.

बाहेर कुठेच ओल दिसत नाही आणि तरी पातळी उतरते, तेव्हा गॅरेजला प्रेशर टेस्ट करायला सांगा, दोनशे ते चारशे रुपये. पुढच्या सीटखालचा गालिचा ओला, केबिनमध्ये गोडसर वास, काचेला आतून तेलकट धुकं असेल तर हीटरची आतली जाळी गळतेय. काम किचकट आहे, डॅशबोर्ड सोडावा लागतो, तीन ते सात हजार धरा. गरम इंजिनातही मागच्या नळीतून सतत पांढरा धूर आणि रेडिएटरमध्ये बुडबुडे दिसत असतील तर हेड गॅसकेट गेलंय.

गॅसकेटचा हिशोब असा असतो: गॅसकेट संच आठशे ते दोन हजार, हेडचं फेसिंग पाचशे ते हजार, मजुरी तीन ते सहा हजार, ऑइल-फिल्टर दीड-दोन हजार, नवं कूलंट हजार-बाराशे. सात ते बारा हजार झाले. हेडला चीर असेल तर नवं किंवा वापरलेलं हेड यात मिळवा आणि आकडा दुप्पट करा. इतकं होऊनही मूळ कारण, म्हणजे बिघडलेलं टोपण, न फिरणारा पंखा किंवा अडकलेला थर्मोस्टॅट, तसंच राहिलं तर पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा तेच. थर्मोस्टॅट म्हणजे कूलंटला रेडिएटरकडे सोडणारी झडप; तो साधारण ८२ ते ८८ अंशांदरम्यान उघडतो, किंमत चारशे ते हजार. 'आपल्याकडे गरज नाही' म्हणून तो काढून फेकण्याची पद्धत आहे. त्याने इंजिन थंडच राहतं, पेट्रोल जास्त लागतं आणि गाडी तापण्याचं कारण झाकलं जातं. काढू देऊ नका.

कांद्याच्या दिवसांत आणखी एक फुकटचं काम आहे. बाजार समितीच्या रस्त्याने रोज जाणाऱ्या गाडीच्या पुढच्या जाळीत कांद्याची टरफलं, गवत आणि धूळ अडकून बसते आणि रेडिएटरला हवाच मिळत नाही. साध्या नळीने, कमी दाबाने, इंजिनाकडून बाहेरच्या दिशेला पाणी मारा. वॉशिंग सेंटरचा जोरदार फवारा जवळून मारला तर जाळीच्या पातळ पात्या वाकतात.

घाटात तापली तर

आताच्या बऱ्याच छोट्या गाड्यांत तापमानाचा काटा नसतो, फक्त लाल दिवा असतो. सगळं पाणी निघून गेलं असेल तर सेन्सरभोवती द्रवच उरत नाही आणि तो दिवा उशिरा लागतो, किंवा लागतही नाही. म्हणून एसीची हवा अचानक गरम येणं, ओढ कमी होणं, गोड वास येणं याकडे लक्ष ठेवा. नांदुरीहून गड चढताना किंवा भावडबारीत तसं वाटलं तर एसी बंद करा आणि सुरक्षित जागा दिसताच गाडी थांबवा. दिवा लाल झाला असेल किंवा वाफ दिसत असेल तर इंजिनही बंद. वाफ थांबेपर्यंत बॉनेट उघडू नका आणि त्यानंतरही पाऊण तास थांबा. जाड फडकं टाकून टोपण आधी पहिल्या खाचेपर्यंतच सोडा, दाब जाऊ द्या, मग पूर्ण काढा. तापलेल्या इंजिनात गार पाणी एकदम ओतलं की अॅल्युमिनियमच्या हेडला चीर जाऊ शकते. डिकीत एक लिटर कूलंट आणि एक कॅन डिस्टिल्ड वॉटर असेल तर ते थोडं थोडं घाला. नसेल आणि बोअरचं पाणी घालावंच लागलं तर घाला; आठवड्याच्या आत सगळं बदलून घ्या, एवढंच.

भरलेलं लगेच खाली गळून गेलं तर टोइंगच करा. गड ते सटाणा असो की सटाणा ते मालेगाव, दीड ते तीन हजार लागतील. विम्यासोबत रस्त्यावरच्या मदतीचं जोडकलम घेतलं असेल तर ते आधी बघा. ते वर्षाला शंभर ते तीनशे रुपयांत मिळतं आणि एका टोइंगमध्ये वसूल होतं. इंजिन तापून झालेलं नुकसान मात्र साध्या मोटार विम्यात मिळत नाही. यांत्रिक बिघाड त्यात वगळलेला असतो. लाल दिवा लागूनही गाडी पुढे दामटली असं दिसलं तर वॉरंटीतही अडचण येते.

बिल, जुने भाग, तक्रार

काम देण्याआधी अंदाजपत्रक कागदावर किंवा व्हॉट्सअॅपवर घ्या. बिलात कूलंटची कंपनी, किती लिटर आणि तयार मिश्रण की घट्ट, हे वेगळं लिहायला सांगा. 'कूलंट बदल, १४००' एवढ्या ओळीतून काहीच कळत नाही. रिकाम्या बाटल्या दाखवायला सांगण्यात लाज नाही. छापील किमतीपेक्षा जास्त पैसे कुणालाही लावता येत नाहीत. मजुरी वेगळी लावा म्हणा. काढलेलं जुनं कूलंट गटारात किंवा आरम नदीकडे जाणाऱ्या नाल्यात ओतू देऊ नका. कॅनमध्ये भरून जळक्या ऑइलजवळ वेगळं ठेवायला सांगा.

बदललेला पंप, थर्मोस्टॅट, गॅसकेट हे जुने भाग मागून घ्या आणि घरी न्या. पैसे घेऊन काम झालंच नाही किंवा चुकीचं झालं, तर आधी गॅरेजला लेखी कळवा. त्याने भागलं नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हा क्रमांक आहे. पुढची पायरी नाशिकचा जिल्हा ग्राहक आयोग. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार दोन वर्षांच्या आत तक्रार करता येते आणि दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर फी लागत नाही. बिल, व्हॉट्सअॅपवरचं अंदाजपत्रक, टाकीवरच्या तारखेचे फोटो आणि तो जुना पंप, एवढं सोबत ठेवा.